‘निरंक’ चारित्र्याची किंमत

सरकारी दप्तरात ‘निरंक’ हा मोठा सोयीचा शब्द आहे. रकान्यात लिहिण्यासारखे काही नसले की कारकून तेथे ‘निरंक’ असे लिहितो आणि पुढच्या रकान्याकडे वळतो. परदेशी नोकरीसाठी वा दीर्घ वास्तव्यासाठी जाणाऱ्या भारतीय नागरिकाला जो पोलीस दाखला लागतो, ज्याला व्यवहारात सर्वजण ‘पीसीसी’ म्हणतात, तो वस्तुतः अशा एका निरंक रकान्याचाच दाखला आहे. अमुक पासपोर्ट धारण करणाऱ्या अमुक व्यक्तीविरुद्ध, प्रवासाच्या सुविधा वा व्हिसा मिळण्यास तिला अपात्र ठरवील अशी कोणतीही प्रतिकूल माहिती नाही, एवढेच त्यात म्हटलेले असते. ती व्यक्ती सज्जन आहे, सचोटीची आहे, असे त्यात कोठेही लिहिलेले नसते. तरीही लोकांच्या तोंडी त्याचे नाव ‘चारित्र्याचा दाखला’ असेच रूढ झाले आहे. आणि नावातल्या या गफलतीतूनच पुढच्या बऱ्याच अनर्थाला सुरुवात होते.

कल्याण सोडून कर्जतकडे निघालेली लोकल विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर अशी स्थानके घेत जाते. २०११ च्या जनगणनेत उल्हासनगरची लोकसंख्या ५,०६,०९८, अंबरनाथची २,५३,४७५ आणि कुळगाव-बदलापूरची १,७४,२२६ होती. या तिन्ही गावांचे परदेशाशी असलेले नाते एकसारखे नाही. उल्हासनगरच्या सिंधी समाजात परदेशी पेढीवर जाण्याची परंपरा फाळणीच्याही आधीची आहे. सिंधमधील हैदराबादच्या ज्या व्यापाऱ्यांनी एकोणिसाव्या शतकात कैरो, जिब्राल्टर, सिंगापूर येथे दुकाने थाटली, त्यांच्या वंशजांच्या व जातभाईंच्या पेढ्यांवर लागोस, हाँगकाँग, दुबई येथे हिशेब लिहायला आणि गल्ल्यावर बसायला कॅम्पातला तरुण जात आला आहे. अंबरनाथची गोष्ट कारखान्यांची. आयुध निर्माणी आणि औद्योगिक वसाहत यांच्या सावलीत तयार झालेला फिटर, वेल्डर, टर्नर १९७३ नंतर तेलाच्या पैशाने आखाताकडे ओढला गेला. बदलापूरचा प्रवासी त्याहून अलीकडचा. स्वस्त घरासाठी परळ-लालबाग सोडून येथे आलेल्या कुटुंबांतील मुली परिचारिका म्हणून आणि मुले संगणकाच्या कामासाठी बाहेर पडू लागली आहेत.

रिझर्व्ह बँकेच्या पाहणीनुसार २०२३-२४ या वर्षात परदेशस्थ भारतीयांनी देशात ११८.७ अब्ज डॉलर पाठविले. त्यातील २०.५ टक्के रक्कम महाराष्ट्रात आली; केरळचा वाटा १९.७ टक्के होता. आखाती देशांपेक्षा अमेरिका, इंग्लंड यांसारख्या प्रगत देशांतून येणारा पैसा आता अधिक झाला आहे, हा त्या पाहणीचा दुसरा आणि प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाचा निष्कर्ष. कारण हे देश कागद अधिक मागतात. कॅनडात स्थायिक होऊ इच्छिणाऱ्याला, वयाची अठरा वर्षे झाल्यानंतरच्या काळात, मागील दहा वर्षांत जेथे सलग सहा महिने वा अधिक काळ राहिला त्या प्रत्येक देशाचा पोलीस दाखला द्यावा लागतो. इंग्लंडमध्ये आरोग्य, शिक्षण आणि समाजसेवा या क्षेत्रांत नोकरीला जाणाऱ्यास असाच नियम आहे. तेथे मर्यादा बारा महिन्यांची आहे. म्हणजे रियाधच्या इस्पितळात तीन वर्षे काढून परतलेल्या बदलापूरच्या परिचारिकेला लंडनला जायचे तर भारताचा दाखला हवा आणि सौदी अरेबियाचाही हवा. शिवाय हा दाखला नाशवंत असतो. अनेक देश तो सहा महिन्यांपर्यंतच ताजा मानतात. एक कागद हाती येईपर्यंत दुसऱ्याची मुदत संपते आणि वर्तुळ पुन्हा पहिल्यापासून सुरू होते.

हा दाखला देतो कोण, याविषयीही बराच गोंधळ आहे. महाराष्ट्र पोलीस जे चारित्र्य पडताळणी प्रमाणपत्र देतात ते देशातील नोकरीसाठी, सुरक्षारक्षकाच्या वा तत्सम कामासाठी. परदेशासाठीचा दाखला परराष्ट्र मंत्रालयाच्या अखत्यारीतील पासपोर्ट कार्यालय देते. पोलिसांचे काम पडताळणीपुरते असते. केवळ पर्यटनासाठी जाणाऱ्याला तो दिला जात नाही. आमच्या महाविद्यालयातून बाहेर पडलेले विद्यार्थी अधूनमधून चौकशीला येतात, त्यांतील निम्म्यांनी तरी आधी पहिले प्रमाणपत्र काढण्यात पंधरवडा घालविलेला असतो.

परदेशासाठीच्या दाखल्याचे शुल्क पाचशे रुपये आहे. अर्थशास्त्राचा अध्यापक म्हणून मला या आकड्याचा नेहमी विस्मय वाटतो, कारण एखाद्या वस्तूची छापील किंमत आणि खरी किंमत यांतील इतके मोठे अंतर शिकविण्यासाठी याहून चांगले उदाहरण मिळणार नाही. रोजंदारीवरच्या वेल्डरला ठाण्यातील पासपोर्ट सेवा केंद्रात जाण्यासाठी एक खाडा करावा लागतो. पोलीस ठाण्यात बोलावणे आले की दुसरा खाडा. साहेब बंदोबस्तावर असले तर तिसरा. शेजाऱ्यांपैकी दोघांनी साक्षीला यायचे तर त्यांचाही रोज बुडतो. यावर उपाय म्हणून स्टेशनाबाहेरच्या झेरॉक्सच्या दुकानात बसणारा एजंट असतो. परदेशी नोकरीसाठी भरती करणाऱ्या एजंटाला १९८३ च्या उत्प्रवास कायद्याने नोंदणी सक्तीची केली; ‘दाखला काढून देणाऱ्या’ या गृहस्थाला अशी कोणतीही नोंदणी नाही. अर्ज भरण्याचे, तारीख घेण्याचे आणि ‘आत बोलून ठेवण्याचे’ असे तीन दर तो तोंडी सांगतो. पहिल्या दोन कामांत बेकायदा काही नाही. तिसऱ्या कामाचे पैसे आत पोहोचतात की त्याच्याच खिशात राहतात, हे गिऱ्हाईकाला कधीच कळत नाही.

मायकेल स्पेन्स या अर्थशास्त्रज्ञाने १९७३ मध्ये एक साधा विचार मांडला; पुढे २००१ च्या नोबेल पारितोषिकात त्याला वाटा मिळाला. मालकाला उमेदवाराचे अंतरंग दिसत नाही, म्हणून तो एखादी बाह्य खूण मागतो. ही खूण तेव्हाच उपयोगी ठरते, जेव्हा लायक माणसाला ती स्वस्तात मिळते आणि नालायकाला महाग पडते. आमच्याकडील दाखल्याला ही कसोटी लावून पाहावी. येथे किंमत ठरते ती माणसाच्या सचोटीवरून नव्हे. त्याच्या पत्त्यावरून, त्याच्या फुरसतीवरून आणि त्याच्या ओळखींवरून.

पत्त्याचे कोडे

पासपोर्टवरील पत्ता तोच असेल, पूर्वीची पडताळणी स्वच्छ असेल, तर दाखला लवकर मिळतो. पत्ता बदललेला असेल तर प्रकरण पोलिसांकडे जाते. हे वरवर रास्त वाटते. परंतु या पट्ट्यात पत्ता हीच सर्वांत अस्थिर वस्तू आहे.

उल्हासनगर म्हणजे दुसऱ्या महायुद्धातील लष्करी तळ. फाळणीनंतर तेथील बराकींत निर्वासितांची सोय झाली आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी या वसाहतीला उल्हासनगर हे नाव मिळाले. पश्चिम पाकिस्तानातून येणाऱ्यांसाठी परवान्याची पद्धत १९४८ च्या जुलैत सुरू झाली. त्यापूर्वी जे आले ते कोणत्याही सरकारच्या दाखल्यावाचून आले, आणि त्यांनीच हे शहर उभे केले. बराक क्रमांक, खोली क्रमांक, सेक्शन, कॅम्प असा त्यांचा पत्ता. पुढे बराकी दुभंगल्या, खोल्यांवर मजले चढले, एकाच क्रमांकात चार कुटुंबे नांदू लागली. येथील अनधिकृत बांधकामे नियमित करण्यासाठी २००६ मध्ये राज्याला स्वतंत्र कायदा करावा लागला, यावरून स्थितीची कल्पना यावी. ज्या इमारतीला भोगवटा प्रमाणपत्र नाही तिच्यातील रहिवाशाकडे घराचा निर्दोष कागद कोठून येणार? बदलापुरात वेगळीच तऱ्हा. तेथील भाडेकरू अकरा महिन्यांच्या करारावर राहतो. करार नोंदविलेला असावा असे १९९९ चा भाडे नियंत्रण कायदा सांगतो, पण घरमालक नोंदणीला नाखूष असतो. अकरा महिने संपले की बिऱ्हाड हलते, कधी पूर्वेकडून पश्चिमेकडे, कधी थेट वांगणीला. पासपोर्टवर मात्र वडिलांच्या परळच्या चाळीचा पत्ता तसाच राहतो. २६ जुलै २००५ च्या पुरात ज्यांची कागदांची पेटी गेली, त्यांची कथा आणखी निराळी.

उल्हासनगर, मध्यवर्ती, विठ्ठलवाडी, हिललाइन, अंबरनाथ, शिवाजीनगर, बदलापूर पूर्व आणि बदलापूर पश्चिम ही ठाणे शहर आयुक्तालयाची पोलीस ठाणी एवढ्या मोठ्या वस्तीचा भार वाहतात. गणपती, निवडणुका, मोर्चे, मंत्र्यांचे दौरे यांतून उरलेल्या वेळात तेथील हवालदार पडताळणीचे कागद हाताळतो. त्याला दोष देणे सोपे आहे. पण त्याच्यापुढील प्रश्नच चुकीचा मांडलेला आहे. अर्जदाराविरुद्ध गुन्हा आहे की नाही, हे अभिलेखात पाहून सांगता येते आणि गुन्ह्यांच्या नोंदी संगणकावर देशभर जोडण्याची योजना २००९ मध्येच मंजूर झाली आहे. अर्जदार या खोलीत खरोखर किती महिने राहतो, हे मात्र शेजाऱ्याला विचारावे लागते. एका कागदासाठी दोन भिन्न तपास होतात. पहिला मिनिटांचा असतो, दुसरा आठवड्यांचा, आणि दुसऱ्यात अडकलेल्या माणसाच्या चारित्र्याविषयी वस्तीत कुजबुज सुरू होते. ‘त्याचा दाखला अडकलाय’ या वाक्याचा अर्थ लोक आपापल्या परीने लावतात.

सौदी अरेबियाचा धडा

२०२२ मध्ये सौदी अरेबियाने भारतीय कामगारांकडून व्हिसासाठी पोलीस दाखला मागण्यास सुरुवात केली. देशभर मागणी एकाएकी वाढली. पासपोर्ट कार्यालयांच्या तारखा मिळेनात, तेव्हा परराष्ट्र मंत्रालयाने २८ सप्टेंबर २०२२ पासून टपाल कार्यालयांतील पासपोर्ट सेवा केंद्रांतही या दाखल्याचे अर्ज घेण्याची व्यवस्था केली. ही सुधारणा चांगलीच होती. त्यानंतर दोन महिने होण्याच्या आत, १७ नोव्हेंबरला, सौदी दूतावासाने जाहीर केले की भारतीय नागरिकांना यापुढे हा दाखला सादर करण्याची गरज नाही.

या काही महिन्यांत भारतीय वेल्डरच्या, सुताराच्या, वाहनचालकाच्या चारित्र्यात काय फरक पडला होता? अर्थातच काहीही नाही. परंतु त्या अवधीत ज्याची तारीख हुकली, ज्याच्या जागी मालकाने दुसऱ्याला घेतले, त्याचे नुकसान कोणत्याही ताळेबंदात दिसणार नाही. दोन सरकारांच्या सोयीने हा कागद अनिवार्य होतो आणि त्यांच्याच सोयीने अनावश्यक ठरतो. मधल्या काळात घेतलेले कर्ज मात्र कामगाराच्या नावावर राहते.

दोषी बरा, आरोपी नको

येथवरच्या अडचणी दिरंगाईच्या आहेत. त्या त्रासदायक असल्या तरी निस्तरता येतात. खरा प्रश्न ज्याच्या नावावर गुन्हा नोंद आहे, पण जो दोषी ठरलेला नाही, त्याचा आहे.

परदेशी जाणे हा व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये सतवंतसिंग साहनी यांच्या प्रकरणात दिला. त्यामुळेच त्या वर्षी पासपोर्ट कायदा करावा लागला. १९७८ मध्ये मनेका गांधी प्रकरणात न्यायालयाने हे तत्त्व अधिक विस्तृत केले आणि हा हक्क हिरावण्याची कार्यपद्धती न्याय्य व वाजवी असली पाहिजे असे बजावले. आता याच कायद्याचे कलम ६ वाचावे. दोषी ठरलेल्या माणसाला पासपोर्ट नाकारायचा तर त्याचा गुन्हा नैतिक अधःपतनाचा असला पाहिजे, शिक्षा किमान दोन वर्षांची असली पाहिजे आणि ती अर्जापूर्वीच्या पाच वर्षांतली असली पाहिजे. इतक्या अटी! पण ज्याच्यावरील खटला न्यायालयात प्रलंबित आहे, त्याच्या बाबतीत यांपैकी एकही अट नाही. गुन्हा किरकोळ असो वा गंभीर, प्रलंबित आहे एवढे पुरे. म्हणजे मारामारीच्या प्रकरणात गुन्हा कबूल करून दंड भरणारा पासपोर्टच्या दृष्टीने मोकळा, आणि ‘मी निर्दोष आहे’ असे म्हणून खटला लढविणारा वर्षानुवर्षे अडकलेला. आर्थिक प्रेरणांचा अभ्यास करणाऱ्याला यातून काय निष्पन्न होईल हे सांगायला नको. वकीलच अशिलाला सल्ला देतो की बाबा, कबूल कर आणि सुटून जा.

या कलमाची धार कमी करण्याचे प्रयत्न झाले आहेत. २५ ऑगस्ट १९९३ च्या अधिसूचनेने, संबंधित न्यायालयाने परदेशी जाण्यास परवानगी दिली तर मर्यादित मुदतीचा पासपोर्ट देण्याची सोय केली. न्यायालयाने मुदत सांगितली नसेल तर तो एक वर्षाचा मिळतो. १० ऑक्टोबर २०१९ च्या ज्ञापनात परराष्ट्र मंत्रालयाने स्पष्ट केले की नुसता गुन्हा नोंदविला जाणे वा तपास चालू असणे म्हणजे खटला प्रलंबित असणे नव्हे. न्यायालयाने प्रकरणाची दखल घेतलेली असली पाहिजे. आणि २०२५ च्या जानेवारीत, कॅनडाला जाऊ इच्छिणाऱ्या एका नागरिकाच्या अर्जावर दिल्ली उच्च न्यायालयाने, केवळ गुन्हा नोंद आहे म्हणून परदेशातील दीर्घकाळच्या संधीची वाट बंद करता येत नाही, दाखल्यात जी वस्तुस्थिती असेल ती नमूद करून तो द्यावा, अशी भूमिका घेतली. हे सारे स्वागतार्ह आहे. तथापि पोलीस ठाण्याच्या टेबलापर्यंत ही ज्ञापने पोहोचण्यास किती काळ लागतो, हे ज्याने ते टेबल पाहिले आहे त्यालाच ठाऊक.

बदलापूरला या विवेचनाचे महत्त्व अधिक आहे. २० ऑगस्ट २०२४ रोजी, शाळेतील दोन लहान मुलींवरील अत्याचाराच्या संतापातून हजारो लोक बदलापूर स्थानकात रुळांवर उतरले. सुमारे दहा तास गाड्या बंद होत्या. दगडफेक झाली, लाठीमार झाला, पोलीसही जखमी झाले. पुढे शेकडो लोकांवर गुन्हे दाखल झाले आणि सत्तरांहून अधिक जणांना अटक झाली. दगड मारणाऱ्याची बाजू येथे घ्यायची नाही. परंतु रेल्वे कायद्याच्या कलम १७४ खाली गाडी अडविण्याची कमाल शिक्षा दोन वर्षे वा दोन हजार रुपये दंड वा दोन्ही अशी आहे. या आरोपाखाली एखादा विशीतला मुलगा उद्या दोषी ठरला आणि न्यायाधीशाने त्याला पाचशे रुपये दंड केला, तर पासपोर्ट कायद्याला त्याच्याशी काही कर्तव्य नाही. तोवर मात्र, खटला उभा राहिला की, सहा महिन्यांची मुदत असलेल्या नोकरीच्या पत्रासाठी त्याला न्यायालयात परवानगीचा अर्ज, वकिलाची फी आणि पुढच्या तारखेची वाट हे सर्व सोसावे लागेल.

याला एक उत्तर दिले जाते आणि ते विचारात घेतले पाहिजे. दाखला सैल झाला तर गुन्हेगार परदेशी पळतील आणि भारताच्या कागदाची पत जाईल. पत राखली पाहिजे हे खरे. उद्या आपल्या दाखल्यावर कोणी विश्वास ठेवला नाही तर प्रामाणिक उमेदवाराचेच नुकसान अधिक. पण पत राखण्याचा मार्ग दाखला अडवून ठेवणे हा नव्हे, तो अचूक लिहिणे हा आहे. इंग्लंडमध्ये परदेशी जाणाऱ्यास जो पोलीस दाखला मिळतो त्यात ‘नोंद नाही’ आणि ‘सध्या उघड करण्याजोगी नोंद नाही’ असे दोन वेगळे शेरे असतात. जुन्या, क्षुल्लक प्रकरणांना दुसरा शेरा मिळतो. निर्णय घेणे हे त्या परक्या देशाचे काम. आमच्याकडे दाखला देणारा अधिकारी दुसऱ्या देशाच्या वतीने आधीच निर्णय घेऊन टाकतो. केरळ पोलिसांनी २०२२ मध्ये, न्यायालयीन निर्णयानंतर, परदेशासाठी ‘सद्वर्तनाचा दाखला’ देणे बंद केले. गुन्ह्यात सहभाग नसल्याचे सांगणे वेगळे आणि वर्तन चांगले असल्याची ग्वाही देणे वेगळे, हा भेद तेथे निदान कागदावर तरी मान्य झाला.

महाराष्ट्रात करण्यासारखे जे आहे त्यातील बरेचसे नव्या कायद्यावाचून होऊ शकते. २०१५ च्या लोकसेवा हक्क अधिनियमाने अधिसूचित सेवा ठराविक मुदतीत मिळण्याचा आणि न मिळाल्यास अपील करण्याचा हक्क दिला आहे. पडताळणीचा प्रतिकूल अहवाल गेला तर त्याचे कारण अर्जदाराला लेखी कळविणे, पत्त्याची शंका आणि गुन्ह्याची नोंद यांचे शेरे स्वतंत्र लिहिणे, आणि नोंदलेला करार नसेल तर वीजबिल, नियोक्त्याचे पत्र, सोसायटीचा दाखला यांवर भागविणे, याला कोणता मोठा खर्च येतो? उल्हासनगर परिमंडळापुरता हा प्रयोग पोलीस उपायुक्तांच्या एका परिपत्रकाने सुरू करता येईल. गुन्ह्यांची वर्गवारी करणेही अशक्य नाही. टाळेबंदीच्या काळात कलम १८८ खाली विद्यार्थ्यांवर व नागरिकांवर नोंदविलेले गुन्हे मागे घेण्याचे राज्य शासनाने २०२२ मध्ये ठरविले, तेव्हा नोकरी आणि पासपोर्टची अडचण हेच कारण पुढे केले होते. बदलापूरच्या प्रकरणातही केवळ रुळावर उभे राहिल्याचा आरोप कोणावर आणि दगड मारल्याचा कोणावर, हे तपासून पहिल्या गटाबाबत निर्णय घेता येईल.

तोपर्यंत आमच्यासारख्या शिक्षकांकडे विचारणा करणाऱ्या मुलांना एवढेच सांगता येते. पासपोर्टच्या अर्जात गुन्ह्याविषयीचा प्रश्न असतो, तेथे एजंटाच्या सल्ल्याने ‘नाही’ लिहू नये. माहिती दडवून पासपोर्ट मिळविणे हा त्याच कायद्याच्या कलम १२ खाली स्वतंत्र गुन्हा आहे आणि त्याला दोन वर्षांपर्यंत शिक्षा आहे. प्रकरण केवळ तपासात असेल तर २०१९ च्या ज्ञापनाची प्रत अर्जासोबत न्यावी. खटला उभा राहिला असेल तर उल्हासनगर वा कल्याणच्या ज्या न्यायालयात तो असेल तेथे परवानगीचा अर्ज करावा, आणि परवानगीत मुदत स्पष्ट लिहून मागावी. नाहीतर पासपोर्ट एका वर्षाचाच मिळेल, आणि दोन वर्षांच्या करारावर घेणारा आखातातील मालक त्याकडे पाहून दुसऱ्या उमेदवाराचे नाव पुकारील.